बालगंधर्वांचा ‘धर्मात्मा’ आणि आपला जलसा

परमपूज्य बाबासाहेबांनी ‘जातिप्रथेचे विध्वंसन’ या ग्रंथात एका चित्रपटाचे नाव घेतले आहे, हे आपल्यापैकी किती जणांच्या लक्षात आहे? ग्रंथ आपल्या घराघरांत आहे. जयंतीला आणि ६ डिसेंबरला चैत्यभूमीवर तो हजारोंनी खपतो. परंतु मूळ भाषण संपल्यावर पुढे गांधीजींना दिलेले उत्तर छापलेले असते, तिथपर्यंत बरेच वाचक पोहोचत नाहीत. त्या उत्तरात संतांविषयी लिहिताना बाबासाहेबांनी ‘धर्मात्मा’ या चित्रपटाचा उल्लेख केला आहे. हा चित्रपट १९३५ सालचा. त्यात संत एकनाथांची भूमिका केली होती बालगंधर्वांनी.

नाट्यसंगीताचा हा बादशहा कॅमेऱ्यासमोर कसा आला, पडद्यावर त्याचे काय झाले आणि त्या सगळ्याचा आपल्याशी, म्हणजे नायगाव-परळच्या चाळींत वाढलेल्या बौद्ध कुटुंबांशी काय संबंध, याची ही हकिकत आहे.

रंगभूमीवरची राणी

नारायण श्रीपाद राजहंस हे बालगंधर्वांचे मूळ नाव. जन्म २६ जून १८८८. लहानपणापासून गळा गोड, पण कानाचा विकार होता. त्या वेळी कोल्हापूरच्या राजर्षी शाहू महाराजांनी त्यांना मिरजेच्या मिशन दवाखान्यात पाठवून उपचार करविले आणि किर्लोस्कर नाटक मंडळीत त्यांचा प्रवेश होण्यास मदत केली. याच शाहू महाराजांनी पुढे मार्च १९२० मध्ये माणगावच्या परिषदेत, हा तुमचा खरा पुढारी, असे सांगून बाबासाहेबांना समाजापुढे उभे केले. गुणी माणूस दिसला की त्याला हात देणारा असा राजा विरळाच.

१९०५ साली बालगंधर्व किर्लोस्कर मंडळीत आले आणि १९१३ मध्ये त्यांनी गंधर्व नाटक मंडळी काढली. त्या काळी घरंदाज स्त्रिया रंगभूमीवर येत नसत. पुरुषच लुगडे नेसून स्त्रीची भूमिका करीत. ‘मानापमान’मधील भामिनी, ‘स्वयंवर’मधील रुक्मिणी, ‘एकच प्याला’मधील सिंधू या बालगंधर्वांच्या भूमिकांनी महाराष्ट्र वेडा झाला. त्यांच्या लुगड्यांची, दागिन्यांची आणि अंबाड्याची नक्कल घरोघरी बायका करीत, असे जुनी माणसे सांगत.

युरोपात गाण्यातून नाटक सांगण्याचा एक मोठा प्रकार आहे, त्याला ऑपेरा म्हणतात. नट संवाद बोलत नाहीत, गातात. आपल्याकडे त्याला सगळ्यांत जवळचे म्हणजे १८८० साली अण्णासाहेब किर्लोस्करांनी ‘शाकुंतल’पासून रुजविलेले संगीत नाटक. त्यात संवाद असत, पण प्रेक्षक येई गाण्यासाठी. एका पदाला चार-चार वेळा ‘वन्समोअर’ मिळे आणि नाटक रात्र सरेपर्यंत चाले. गाणारा नट आणि समोरचा प्रेक्षक दोघे मिळून ते पद फुलवीत.

बोलपट आला

१४ मार्च १९३१ रोजी गिरगावच्या मॅजेस्टिक सिनेमात ‘आलम आरा’ लागला आणि पडदा बोलू लागला. पुढच्याच वर्षी प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’ हा मराठी बोलपट आला. त्यात तारामतीची भूमिका दुर्गा खोटे या सुशिक्षित घरातल्या स्त्रीने केली. स्त्रीची भूमिका स्त्रीच करणार, हे पडद्यावर ठरून गेले. कमी पैशांत गाणे, नाटक आणि देखावा मिळू लागल्यावर नाटक कंपन्यांचे तंबू ओस पडले. गंधर्व मंडळीचा थाट राजेशाही. भरजरी वस्त्रे, अस्सल अत्तरे, मोठा बारदाना. व्यवहाराचा हिशोब मात्र कच्चा. कर्जाचा डोंगर वाढत गेला.

अशा वेळी पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीबरोबर बालगंधर्वांची भागीदारी झाली. बरेच चित्रपट मिळून काढायचे ठरले होते. पहिला निघाला तो एकनाथांवर. दिग्दर्शक व्ही. शांताराम, कथा के. नारायण काळे यांची आणि संगीत मास्टर कृष्णरावांचे. चित्रपटाचे मूळ नाव ‘महात्मा’ होते. परंतु गांधीजींना सारा देश महात्मा म्हणत असल्याने त्या नावाला सेन्सॉरने हरकत घेतली आणि ‘महात्मा’चा ‘धर्मात्मा’ झाला.

सत्तेचाळीस वर्षांचे बालगंधर्व प्रथमच पडद्यावर आले, तेही पुरुषवेषात. डोक्यावर पदर नाही, अंगावर दागिना नाही, आणि समोर प्रेक्षक नाही. स्टुडिओत दिव्यांचा प्रखर उजेड आणि ‘कट’ म्हणणारा दिग्दर्शक. रंगभूमीवर एकच पद पाव तास रंगवणाऱ्याला तीन-चार मिनिटांत गाणे आटोपायचे. दाद नाही, वन्समोअर नाही. आज दुकान चालवतो आणि उद्या तोच माल गोदामात बसून मोजायचा, तसे ते झाले असणार. माल तोच, पण गिऱ्हाईक कुठे आहे?

बाबासाहेबांची नजर

‘धर्मात्मा’ची कथा आपल्याला ठाऊक असलेल्या आख्यायिकांची आहे. सोळाव्या शतकातील पैठणचे एकनाथ अस्पृश्यांना जवळ करतात, त्यांच्या पंक्तीला जेवतात. ब्राह्मण त्यांना वाळीत टाकतात आणि शेवटी एकनाथांचा विजय होतो. अस्पृश्यता वाईट आहे, हे १९३५ साली मोठ्या पडद्यावर, त्या काळच्या सर्वांत लाडक्या गायकाच्या तोंडून सांगितले गेले. त्याचे मोल नाकारण्याचे कारण नाही. चित्रपट काढणाऱ्यांचा हेतू चांगलाच असावा.

पण तेच साल आपल्या इतिहासात कशासाठी ओळखले जाते? १३ ऑक्टोबर १९३५ रोजी येवल्याच्या परिषदेत बाबासाहेबांनी हिंदू म्हणून मरणार नाही, अशी घोषणा केली. नाशिकच्या काळाराम मंदिराच्या दारात आपल्या माणसांनी पाच वर्षे डोकी फोडून घेतल्यानंतरची ही घोषणा होती. एकीकडे पडद्यावर संत आपल्या दारी जेवायला येत होता, आणि दुसरीकडे आपण त्या धर्माचे दारच सोडून निघालो होतो.

पुढच्या वर्षी ३१ मे १९३६ रोजी बाबासाहेबांनी मुंबई इलाखा महार परिषदेत ‘मुक्ती कोन पथे?’ हे भाषण केले. ती परिषद भरली होती आपल्या नायगावात. त्याच महिन्यात ‘जातिप्रथेचे विध्वंसन’ छापून बाहेर पडले होते. लाहोरच्या जातपात तोडक मंडळाने बोलावून मग नको म्हटलेले ते भाषण बाबासाहेबांनी स्वतःच्या खर्चाने छापले. गांधीजींनी ‘हरिजन’मधून त्यावर टीका केली आणि संतांची नावे पुढे केली. त्याला बाबासाहेबांनी जे उत्तर दिले, ते १९३७ च्या आवृत्तीत आहे.

त्या उत्तरातले म्हणणे थोडक्यात असे. हल्ली ‘धर्मात्मा’ चित्रपटात नायक म्हणून जे एकनाथ दाखवतात, त्यांनी अस्पृश्यांना स्पर्श केला आणि त्यांच्याबरोबर जेवले हे खरे. परंतु जात आणि अस्पृश्यता यांना विरोध म्हणून त्यांनी हे केले नाही. झालेला विटाळ गंगेच्या स्नानाने धुऊन जातो, ही त्यांची श्रद्धा होती. संतांनी जातिव्यवस्थेविरुद्ध लढा उभारला नाही, असे बाबासाहेब स्पष्ट सांगतात.

किती बारीक नजर! गावोगावचे लोक थिएटरात बसून एकनाथांच्या गाण्याने डोळे पुसत होते. बाबासाहेबांनी एकच प्रश्न विचारला. जेवल्यानंतर हा माणूस अंघोळीला का गेला? ज्याच्या घरी जेवला त्याला त्या अंघोळीने काय मिळाले? गाणे गोड आहे म्हणून विचार तपासायचा नाही, असे होत नाही. घरात टीव्ही लावून बसणाऱ्या प्रत्येकाने ही शिकवण लक्षात ठेवावी. नट मोठा असेल, आवाज दैवी असेल, तरी कथा कोणाची आणि नायक कोण, हे विचारलेच पाहिजे. ‘धर्मात्मा’त दुःख आपले होते, नायक मात्र एकनाथ होते.

कॅमेरा जागचा हलला नाही

बालगंधर्वांचे प्रभातशी जमले नाही. एकाच चित्रपटानंतर ते बाहेर पडले. आपले नाटक जसेच्या तसे पडद्यावर यावे, ही त्यांची इच्छा होती. म्हणून १९३७ साली कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांना घेऊन त्यांनी ‘साध्वी मीराबाई’ काढला. मीराबाईवरचे त्यांचे ‘अमृतसिद्धी’ नाटक समोर कॅमेरा मांडून चित्रित केले गेले आणि मीरेच्या भूमिकेत स्वतः बालगंधर्व उभे राहिले. तेव्हा त्यांचे वय एकोणपन्नासच्या आसपास.

हा चित्रपट साफ पडला. कारण समजण्यासारखे आहे. रंगभूमीवर प्रेक्षक दुरून पाहतो आणि उरलेले मनाने भरून काढतो. पुरुषाला स्त्री मानायला तो घरूनच तयार होऊन आलेला असतो. कॅमेरा असे काही मानत नाही. समोर पन्नाशीचा पुरुष आहे ना, मग तो तेच दाखवतो. शिवाय पडद्यावर खऱ्या स्त्रिया पाहण्याची सवय लोकांना एव्हाना लागली होती. आदल्याच वर्षी आलेला प्रभातचा ‘संत तुकाराम’ मात्र मुंबईत वर्षभराहून अधिक काळ चालला. त्यातले विष्णुपंत पागनीसही एके काळी रंगभूमीवर स्त्रीभूमिका करीत. पण पडद्यावर त्यांनी नाटक केले नाही. शेजारच्या घरात कोणी भजन म्हणावे तसे ते साधे गायले.

पुढे युरोपातल्या लोकांनी यातून वाट काढली. १९८२ चा ‘ला ट्राव्हियाता’ आणि १९८४ चा ‘कारमेन’ हे ऑपेरावरचे गाजलेले चित्रपट. दोन्हींत प्लासिदो दोमिंगो हा नामांकित गायक होता. आधी गाणे निवांत ध्वनिमुद्रित करायचे, मग कॅमेऱ्यासमोर आपल्याच आवाजावर ओठ हलवायचे, ही त्याची रीत. कॅमेरा रस्त्यावर, घरात, डोंगरात हिंडू लागला. बालगंधर्वांच्या वाट्याला ही सोय आली नाही.

त्याच ‘कारमेन’ची आणखी एक गोष्ट आपण ध्यानात घ्यावी. १९५४ साली अमेरिकेत ‘कारमेन जोन्स’ नावाचा चित्रपट निघाला. त्यात सगळे नट कृष्णवर्णीय होते. नायिका डोरोथी डँड्रिज ही स्वतः गाणारी बाई. तरीही ऑपेराचे गाणे तिला झेपणार नाही असे ठरवून मेरिलिन हॉर्न या गोऱ्या गायिकेचा आवाज तिच्या तोंडी घातला. चेहरा काळ्यांचा, आवाज गोऱ्यांचा. अत्याचार सोसलेल्या समाजाची कला पडद्यावर येते तेव्हा काहीतरी असे कापले जातेच. कुठे आवाज जातो, कुठे नायकपण जाते.

जलशाची नोंद कोठे आहे?

बालगंधर्वांचे चित्रपट पडले, तरी त्यांचा आवाज तबकड्यांवर राहिला. १९६७ साली ते गेले. २०११ मध्ये त्यांच्या आयुष्यावर ‘बालगंधर्व’ हा चित्रपट आला. सुबोध भावे यांनी भूमिका केली, आनंद भाटे गायले, आणि नव्या पिढीला ते पुन्हा भेटले. ज्याची नोंद राहते, तो पुन्हा उभा राहतो.

आता त्याच १९३० च्या दशकात आपल्याकडे काय चालले होते ते पाहा. सत्यशोधक जलशाच्या वाटेवर आंबेडकरी जलसा उभा राहिला होता. नाशिककडचे भीमराव कर्डक आणि त्यांचे साथी गावोगाव, चाळीचाळींत जलसे करीत. दिवसा काबाडकष्ट, रात्री गॅसबत्तीच्या उजेडात डफ-ढोलकी. साचा तमाशाचा घेतला, पण विषय शिक्षणाचा, स्वच्छतेचा, मेलेल्या ढोराचे मांस सोडण्याचा, सत्याग्रहाचा. त्यातही मुलगे लुगडे नेसून स्त्रीपार्ट करीत. गाणे, संवाद, सोंग, विनोद, सगळे होते. म्हणजे ज्याला युरोपात ऑपेरा म्हणतात आणि सदाशिव पेठेत संगीत नाटक, तेच आपल्या माणसांनी उघड्या मैदानात, तिकीट न लावता केले. प्रभातने त्यांच्याशी भागीदारी केली नाही. कर्डकांनी उतारवयात ‘आंबेडकरी जलसे’ हे पुस्तक लिहिले म्हणून निदान अक्षरांत तरी ते उरले.

आमच्या चाळीत एक आजोबा होते. गिरणीतून निवृत्त झालेले. तरुणपणी ते जलशात स्त्रीपार्ट करीत. जयंतीच्या आदल्या रात्री पोरांनी फार आग्रह केला की खांद्यावरचा टॉवेल डोक्यावर पदरासारखा घेत आणि सासुरवाशिणीचे एक गाणे म्हणत. नवऱ्याने दारू सोडावी, मुलीला शाळेत घालावे, असा त्याचा भाव होता. शेजारच्या बायका हसता हसता रडू लागत. आम्ही दरवर्षी म्हणायचो, पुढच्या वर्षी टेपरेकॉर्डर आणू. एके वर्षी आजोबाच राहिले नाहीत. आता त्या गाण्याची चाल मला अर्धीच आठवते. शब्द तर तेवढेही नाहीत.

कचेरीत आयुष्य गेलेल्या माणसाला एक गोष्ट पक्की कळते. ज्या कागदाची नोंद नाही, तो कागद आलाच नाही असे धरतात. समाजाचेही तसेच आहे.

नायगावचा शाहीर

नोंद झाली तर काय होऊ शकते, याचे उदाहरण नायगावातच आहे. १९३१ साली नायगावात जन्मलेले लोकशाहीर विठ्ठल उमप. भीमगीत, पोवाडा, कोळीगीत, गोंधळ, भारूड असा एकही प्रकार नसेल जो त्यांच्या गळ्यातून उतरला नाही. एकनाथांनी भारुडांतून महाराच्या तोंडी ‘जोहार’ घातला होता. चारशे वर्षांनी नायगावच्या चाळीतला माणूस उभा राहिला आणि कोणाचा जोहार न घालता, ताठ मानेने, भारूड गायला.

त्यांचे ‘जांभूळ आख्यान’ ज्यांनी पाहिले, ते आयुष्यभर विसरणार नाहीत. पाच नवरे असलेल्या द्रौपदीच्या मनात कर्णाविषयी ओढ निर्माण होते, ही लोककथा. उमप सूत्रधार होत आणि द्रौपदीही होत. बालगंधर्वांसारखा शालू नाही, दागिने नाहीत. हात कमरेवर गेला, मान किंचित वळली, की समोर द्रौपदी. सत्तरी ओलांडलेल्या माणसाला प्रेक्षक स्त्री मानत, ते निव्वळ आवाजाच्या आणि अभिनयाच्या जोरावर. लोक-ऑपेरा म्हणावे असेच ते काम होते.

चित्रपटाने त्यांना उशिरा बोलावले. २००८ सालच्या ‘टिंग्या’त ते दिसतात. दूरदर्शनवर आणि कॅसेटवर त्यांचा आवाज घरोघरी गेला. २६ नोव्हेंबर २०१० रोजी, संविधान दिनी, नागपूरच्या दीक्षाभूमीवर ‘लॉर्ड बुद्धा’ या दूरचित्रवाहिनीच्या उद्घाटनाच्या कार्यक्रमात मंचावरच त्यांना हृदयविकाराचा झटका आला आणि ते गेले. आपल्या समाजाचा स्वतःचा कॅमेरा सुरू होत होता, त्याच घटकेला आपला एवढा मोठा गायक त्याच्यासमोरून निघून गेला.

मुलुंडच्या विलास घोगरे यांची गोष्टही इथे सांगितली पाहिजे. आनंद पटवर्धन यांच्या १९८५ च्या ‘हमारा शहर’ या माहितीपटात त्यांचे गाणे आहे. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले. त्या आघाताने चार दिवसांनी घोगरे यांनी स्वतःचे जीवन संपवले. पटवर्धन यांनी त्यानंतर चौदा वर्षे आपल्या वस्त्यांतून कॅमेरा फिरवला आणि ‘जय भीम कॉम्रेड’ तयार झाला. घोगरे गेले, पण त्यांचे गाणे चालू आहे. ते चित्रित झाले नसते तर आज तेही आमच्या आजोबांच्या गाण्यासारखे अर्धे-मुर्धे उरले असते.

आपण काय करायचे?

बालगंधर्वांच्या कर्तृत्वाबद्दल मनात आदर ठेवूनच हे लिहिले आहे. त्यांनी नाटकावर जीव ओवाळून टाकला. त्यांची नोंद ठेवणारे पुष्कळ होते, आणि ते योग्यच झाले. आपल्या कलावंतांची नोंद आपणच ठेवायची आहे.

पूर्वी कॅमेरा स्टुडिओच्या मालकाकडे असे. आता तो घरातल्या प्रत्येक पोराच्या खिशात आहे, आणि दिवसभर त्यावर काय पाहिले जाते हे आईवडिलांना माहीत आहे. बीडीडी चाळींच्या जागी टॉवर उभे राहत आहेत. खोली बदलेल, शेजार बदलेल, ओटे आणि व्हरांडे जातील. सामान बांधताना पितळी भांडी आपण मोजून घेऊ. आजीची ओवी, आजोबांचा पोवाडा, विहारातल्या भीमगीताची जुनी चाल हे मात्र कोणत्याच यादीत नसते.

म्हणून येत्या रविवारी वंदना झाल्यावर एवढे करावे. घरातल्या किंवा शेजारच्या सर्वांत वृद्ध माणसाला उजेडाच्या जागी बसवावे. पंखा आणि टीव्ही बंद करावा. प्रथम त्यांनी आपले नाव, गाव आणि कोणत्या जलशात, भजनी मंडळात वा गायन पार्टीत होते ते सांगावे. मग गाणे म्हणू द्यावे. मध्ये विसरले तर टोकू नये, आठवू द्यावे. शब्द वहीत उतरवून घ्यावेत, तारीख घालावी, आणि एक प्रत विहाराच्या ग्रंथालयात द्यावी. हे काम मुलींनी हाती घेतले तर फारच चांगले. आजवर पुरुष लुगडे नेसून बायकांचे दुःख गायले. खुद्द आपल्या आजींनी जात्यावर काय गायले, ते विचारायचे अजून बाकीच आहे.

जयभीम!